न उघडलेली पेटी

रहस्यकथा वाचावयास घेतांना वाचक लेखकाशीं मनांतल्या मनांत एक करार करून बसलेला असतो. लेखकानें त्याला दोनशें पानें खुशाल चकवावें, निरपराध माणसावर संशय घ्यावयास लावावें, मध्यरात्रीं दार कोणीं ठोठावलें हें शेवटपर्यंत लपवून ठेवावें. पण अखेरच्या प्रकरणांत सर्व उलगडा झालाच पाहिजे. बाबूराव अर्नाळकरांचे झुंजार आणि काळा पहाड ज्या घरांतून हातोहात फिरले, त्या घरांतील वडील मंडळींस हा करार चांगला परिचित आहे. वाचनालयांतून आणलेल्या पुस्तकाचें शेवटचें पान फाटलेलें निघालें म्हणजे किती चडफडाट होतो, हेंहि त्यांना सांगावयास नको.

आतां अशी कल्पना करावी कीं, तें शेवटचें पान खुद्द लेखकानेंच काढून एका पेटींत ठेवलें, पेटीला कुलूप घातलें, ती वाचकांना दुरून दाखविली आणि कांहीं गोष्टी विस्मृतींत राहिलेल्याच बऱ्या, असें सुचवून तो निघून गेला. हा प्रकार २०१५ सालीं खरोखर घडला. तो पुस्तकांत न घडतां एका व्हिडिओ-गेममध्यें घडला, एवढेंच. ज्या घरांत बारा-पंधरा वर्षांचें मूल आहे व त्याच्या हातीं मोबाइल आहे, त्या घरांत, मग तें परभणीस असो वा पुण्यास, ‘फ्रेडी’ हें नांव एकदां तरी उच्चारलें गेलें असण्याचा बराच संभव आहे; आणि जेवणाच्या पानावर चाललेली ती चर्चा वडील माणसांना निव्वळ बडबड वाटली असण्याचाहि तितकाच संभव आहे.

या खेळाचें पूर्ण नांव ‘फाइव्ह नाइट्स ॲट फ्रेडीज’, म्हणजे फ्रेडीकडील पांच रात्री. त्याचा कर्ता स्कॉट कॉथन हा अमेरिकेंतील टेक्सस प्रांतांत राहणारा गृहस्थ. त्यानें पूर्वीं लहान मुलांकरितां लांकूड तोडणाऱ्या प्राण्यांचा एक साधा, निरुपद्रवी खेळ केला होता. त्यावर टीकाकारांनीं शेरा मारला कीं, यांतील पात्रें भीतिदायक यांत्रिक बाहुल्यांसारखीं दिसतात. दुसरा एखादा खचून गेला असता. कॉथननें त्या शेऱ्यांतच पुढचें काम शोधलें : बाहुल्या भीतिदायक दिसतात ना, मग भीति वाटावी याच हेतूनें त्या करूं. ८ ऑगस्ट २०१४ रोजीं पहिला खेळ बाहेर पडला.

मुलांचे वाढदिवस साजरे होतात असें एक उपाहारगृह आहे. अस्वल, ससा आणि कोंबडी यांचे माणसाएवढे यांत्रिक पुतळे तेथें दिवसा गातात व मुलांना रिझवितात. एक कोल्हा आहे, तो नादुरुस्त म्हणून पडद्यामागें टाकलेला. खेळणारा हा तेथील रात्रपाळीचा पहारेकरी. मध्यरात्रीं बारापासून सकाळीं सहापर्यंत त्यानें एका लहानशा खोलींत बसून कॅमेऱ्यांतून इमारतीवर नजर ठेवावयाची. पुतळे रात्रीं आपल्या जागा सोडून हिंडूं लागतात. खोलीला दोन दारें आहेत व तीं बंद करतां येतात. परंतु दार बंद ठेवावयास वीज लागते, आणि रात्रभराची वीज मोजकीच मिळालेली असते. वीज संपली कीं दारें उघडतात, दिवे जातात, आणि अंधारांत गाणें ऐकूं येतें. पळतां येत नाहीं, लढतां येत नाहीं. बसल्या जागेवरून हिशेब करीत राहणें एवढेंच हातीं असतें. भीति उत्पन्न करण्याचें हें साधन अगदीं साधें आहे, पण मोठें परिणामकारक.

कथा मात्र या खेळांत कोणी सांगत नाहीं. टेलिफोनवर आधींच्या पहारेकऱ्याचा ध्वनिमुद्रित आवाज कांहीं सूचना देतो. भिंतीवरच्या कागदांच्या जागीं क्वचित् वर्तमानपत्राचें कात्रण दिसतें : कोणी इसमानें प्राण्याचा वेष घालून मुलांना मागच्या खोलींत नेलें, पांच मुलें नाहींशीं झालीं. पुढच्या एका कात्रणांत गिऱ्हाइकांची तक्रार असते कीं, पुतळ्यांना दुर्गंधि येते व त्यांच्या डोळ्यांभोंवतीं रक्त दिसतें. एवढ्या तुकड्यांवरून काय तें ज्याचें त्यानें समजून घ्यावयाचें. आणि लोकांनीं तें समजून घेण्यास जो आरंभ केला, तो अद्याप थांबलेला नाहीं.

या तर्कांतील एक तर्क मुद्दाम सविस्तर सांगण्याजोगा आहे. दुसरा खेळ त्याच वर्षीं नोव्हेंबरांत निघाला. त्याच्या शेवटीं पहारेकऱ्याला आठवड्याच्या पगाराचा चेक मिळतो. रक्कम १०० डॉलर ५० सेंट. तारखेंत १९८७ सालाचा उल्लेख. कोणा चौकस पोराला सुचलें कीं, रोज सहा तास या प्रमाणें पांच रात्रींचे तीस तास होतात. १००.५० ला ३० नें भागलें तर येतात ३ डॉलर ३५ सेंट. आणि १९८७ सालीं अमेरिकेंत कायद्यानें ठरविलेलें तासाचें किमान वेतन अगदीं तेवढेंच, ३ डॉलर ३५ सेंट होतें! भुताखेतांच्या खेळांत कर्त्यानें मजुरीचा दर बरोबर साधला होता. मग पहिल्या खेळाचा चेक पुन्हां पाहण्यांत आला. त्यावर सालच नाहीं. रक्कम १२० डॉलर, म्हणजे तासाला ४ डॉलर. अमेरिकेंतील दर १९९० सालीं ३ डॉलर ८० सेंट व १९९१ पासून ४ डॉलर २५ सेंट होता. ४ डॉलर हा दर कोणत्याच वर्षीं नव्हता. तेव्हां कोणी म्हणाले, कर वजा झाला असेल. कोणी आणखी कांहीं म्हणाले. बहुतेकांनीं १९९३ साल धरलें. एवढें मात्र यावरून आणि इतर खुणांवरून निश्चित झालें कीं, नांवाचा दुसरा खेळ कथेच्या क्रमानें पहिल्याच्या आधींचा आहे. शाळेंत भागाकाराचा कंटाळा करणारीं मुलें हा उद्योग आपण होऊन करीत होतीं, ही गोष्ट शिक्षकांनीं ध्यानांत ठेवण्यासारखी आहे.

दुसरें कोडें ‘सत्याऐंशीच्या चाव्या’चें. पहिल्या खेळांत टेलिफोनवरचा तो आवाज सहज बोलून जातो कीं, १९८७ मध्यें एक चावण्याचा प्रकार घडला, मेंदूचा पुढचा भाग गेला तरी माणूस जगतो हें नवल आहे, आणि तेव्हांपासून पुतळ्यांना दिवसा मोकळें फिरूं देत नाहींत. कोण चावलें? कोणाला? दोन खेळ झाले तरी उत्तर नाहीं. २३ जुलै २०१५ रोजीं चौथा खेळ निघाला आणि त्यांत अखेर चावा दिसला. एका भित्र्या, रडव्या मुलाचा वाढदिवस आहे, त्याचा थोरला भाऊ व भावाचे मुखवटे घातलेले सोबती थट्टेनें त्याला उचलून यांत्रिक अस्वलाच्या जबड्याशीं नेतात, जबडा मिटतो. उलगडा झाला म्हणून सर्वत्र एकच आनंद झाला. पण त्याच खेळांत एका कोपऱ्यांतील दूरदर्शनच्या पडद्यावर बालकांचा एक कार्यक्रम दिसतो, आणि त्यावर साल असतें १९८३. चार वर्षांचें अंतर पडलें. मग चावे दोन कीं काय? एक आपण पाहिला तो त्र्याऐंशीचा. तर सत्याऐंशीचा अजून अंधारांतच. त्या रडव्या मुलाचें नांव काय, हेंहि कोणत्याच खेळानें उघड सांगितलेलें नाहीं. वर्षानुवर्षें लक्षावधि लोकांनीं ज्याच्या मृत्यूची चौकशी केली, तो बालक बिननांवाचाच राहिला आहे.

याच चौथ्या खेळाचा सर्वांत अवघड भाग पार केल्यावर ती पेटी दिसते. दोन कुलुपें लावलेली, न उघडणारी. कांहीं दिवसांनीं कॉथननें आपल्या चाहत्यांस उद्देशून लिहिलें. आधींच्या खेळांतील गुपितें लोकांनीं हुडकून काढलीं होतीं. यावेळीं एकालाहि दुवे सांपडले नाहींत, असें त्याचें म्हणणें होतें. पेटींत काय आहे, तर जोडलेले तुकडे. पण तसे जोडून दिले तर लोक ते मान्य करतील काय, हा त्याचा प्रश्न होता. आणि म्हणून पेटी बंदच राहूं द्यावी, असें त्यानें ठरविलें.

लेखकाच्या पदरीं आलेली ही अडचण मोठी विलक्षण आहे. प्रत्येक वाचक आपलें उत्तर घट्ट धरून बसल्यावर खुद्द कर्त्याचें उत्तरहि अनेकांतलें एक होऊन बसतें. चार्ल्स डिकन्स ९ जून १८७० रोजीं वारला तेव्हां त्याची ‘एडविन ड्रूड’ ही कादंबरी निम्मीच लिहून झाली होती. नायक नाहींसा झाला होता, आणि त्याचा खून झाला कीं तो जिवंत आहे हें सांगणारा राहिला नव्हता. इंग्रज विद्वानांनीं पुढें अर्धशतक त्यावर ग्रंथ लिहिले. १९१४ च्या जानेवारींत तर लंडनमध्यें संशयित काकावर लुटुपुटीचा खटला भरण्यांत आला. न्यायाधीश चेस्टरटन, आणि ज्यूरीचा मुखिया बर्नार्ड शॉ! शेवटीं न्यायाधीशमहाराजांनीं आपल्याखेरीज हजर असलेल्या सर्वांना न्यायालयाच्या बेअदबीबद्दल शिक्षा ठोठावून कामकाज संपविलें. डिकन्सला निदान मृत्यूनें सोडविलें. कॉथन हयात आहे, पुढचे खेळ निघतच राहिले, डिसेंबर २०१७ च्या खेळांत सारें जाळून टाकणारा शेवटहि त्यानें करून पाहिला, आणि तरी लोक विचारीतच आहेत : पेटींत काय होतें?

असे तर्क बांधणें हा आज एक स्वतंत्र व्यवसायच झाला आहे. मॅथ्यू पॅट्रिक या तरुण अमेरिकनानें ‘गेम थिअरी’ या आपल्या चित्रफीत-मालेंत या एका कोड्यावर कितीतरी भाग खर्ची घातले. २०२३ च्या ऑक्टोबरांत या खेळावरून चित्रपट निघाला, तेव्हां त्यांत वाढप्याची एक छोटी भूमिका देऊन त्याचा गौरवहि करण्यांत आला. ९ मार्च २०२४ रोजीं त्यानें त्या मालेंतून निवृत्ति घेतली. चौथ्या खेळानंतर त्यानें पुढें मांडलेला ‘स्वप्नाचा तर्क’ फार गाजला. मुलाच्या बिछान्याशेजारीं क्षणभर कधीं फुलें दिसतात, कधीं औषधाच्या गोळ्या, कधीं शिरेंतून औषध देण्याची बाटली. यावरून निष्कर्ष असा कीं, मूल रुग्णालयांत पडलें आहे, आणि आजवरच्या सर्व खेळांतील पुतळे, पहारेकरी, टेलिफोन हें सारें त्याचें स्वप्न आहे.

ऐकतांना हा तर्क चतुर वाटतो. पण चेकचा तर्क आणि हा तर्क यांची जात वेगळी आहे. भागाकार ३.३५ न येतां ५ आला असता, तर चेकचा तर्क तेथेंच मेला असता. त्यानें आपली मान सुरीखालीं ठेवली होती. स्वप्नाच्या तर्काला मरणच नाहीं. साल जुळत नाहीं? स्वप्नांत सालें जुळत नसतातच. पात्रें विसंगत वागतात? स्वप्न आहे. विरुद्ध जाणारी प्रत्येक गोष्ट तो पोटांत घालतो आणि अधिक पुष्ट होतो. खेळापुरतें हें चाललें तर कोणाचें कांहीं बिघडत नाहीं. तर्काची झेंप खेळाबाहेर गेली म्हणजे मात्र काळजी वाटूं लागते. डिसेंबर १९९३ मध्यें अमेरिकेंतील ऑरोरा या गांवीं मुलांच्या अशाच एका उपाहारगृहांत चार कर्मचाऱ्यांचा गोळ्या घालून खून झाला होता. पांचवा जखमी होऊन वांचला. कांहीं चाहत्यांनीं खेळाचें मूळ याच घटनेंत आहे असें ठरवून टाकलें. कर्त्यानें तसें कधीं सांगितलेलें नाहीं. मेलेल्यांचे आईबाप आणि तो वांचलेला मनुष्य यांना मात्र आपलें दुःख एका खेळाची गुरुकिल्ली म्हणून लोकांच्या तोंडीं ऐकावें लागलें.

मुलें नाहींशीं होणें, त्यामागें वेषधारी कोणी असणें, भूत आणि पेटी, हे सर्व धागे परभणी जिल्ह्यानें खेळांत नव्हे, प्रत्यक्षांत पाहिलेले आहेत. मानवत हें त्या जिल्ह्यांतील तालुक्याचें गांव, कापसाची जुनी बाजारपेठ. १९७२ च्या दुष्काळांतल्या नोव्हेंबरापासून १९७४ च्या जानेवारीपर्यंत तेथें लहान मुली व स्त्रिया यांचे खून एकामागून एक होत गेले. मुंबईंत रमण राघवचा तपास केलेले पोलिस अधिकारी रमाकांत कुलकर्णी यांच्याकडे पुढें याचा तपास आला. सरकारपक्षानें न्यायालयांत मांडलेली हकीकत अशी कीं, पिंपळावरच्या मुंजाला कुमारिकेचें रक्त अर्पण केलें तर त्याच्या ताब्यांतील गुप्तधन मिळेल, या समजुतीपोटीं हीं कृत्यें झालीं.

येथें क्षणभर थांबून त्या समजुतीची घडण पाहण्यासारखी आहे. मुंजा आणि गुप्तधन हा एक तर्कच. रक्त अर्पण केलें आणि धन सांपडलें नाहीं, तर वास्तविक तो खोटा ठरावयास हवा. पण मांत्रिकाच्या शास्त्रांत तसें होत नसतें. विधींत चूक झाली, मुहूर्त टळला, बळी योग्य नव्हता, देवाचें समाधान झालें नाहीं. दरवेळीं उत्तर तयार, आणि प्रत्येक उत्तराचा अर्थ एकच कीं आणखी एक बळी हवा. कोणत्याहि पुराव्यानें न मरणारा तर्क येथें दुसऱ्याचा जीव घेतो. महाराष्ट्रानें २०१३ सालीं नरबळी व अघोरी प्रथांविरुद्ध कायदा केला, डॉक्टर नरेंद्र दाभोलकरांचा २० ऑगस्ट २०१३ रोजीं पुण्यांत खून झाल्यानंतर. त्यांत गुप्तधनाच्या शोधासाठीं केलेल्या अमानुष कृत्यांचाहि समावेश आहे.

मानवतच्या प्रकरणांत तर्काची दुसरी एक जातहि पाहावयास मिळते, आणि ती न्यायालयांतली. खटल्यांतील महत्त्वाचा पुरावा माफीच्या साक्षीदारांचा होता, म्हणजे गुन्ह्यांत स्वतः हात असल्याचें सांगून इतरांचीं नांवें घेणाऱ्यांचा. अशा साक्षीदाराची हकीकत बहुधा फार सुसंगत असते. त्याला सर्व ठाऊक असतें. सर्व तुकडे तो जोडून देतो. ऐकणाऱ्याचें समाधान होतें. आणि नेमकें म्हणूनच कायदा तिच्यापासून सावध राहतो. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलें. ‘दगडू विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ या नांवानें त्याचा निकाल १९७७ सालीं झाला. १८७२ च्या पुराव्याच्या कायद्याला धरून न्यायालयानें जो नियम तेथें पुन्हां मांडला तो असा कीं, साथीदाराची साक्ष कायदेशीर खरी, परंतु महत्त्वाच्या तपशिलांत तिला बाहेरच्या, स्वतंत्र पुराव्याची पुष्टि मिळाल्यावांचून तिच्यावर विसंबणें धोक्याचें. आणि ती पुष्टि ‘गुन्हा घडला’ एवढ्यापुरती असून भागत नाहीं, त्या त्या आरोपीचा गुन्ह्याशीं संबंध जोडणारी असावी लागते. गांवाचा संतापहि पुष्टि नव्हे, आणि हकीकत अंगावर कांटा आणणारी आहे हीहि पुष्टि नव्हे. निकालाच्या याच पानांवर शिक्षेपूर्वीं आरोपीचें शिक्षेपुरतें म्हणणें ऐकण्याचा प्रश्नहि चर्चिला गेला आणि वकील तो निकाल अद्याप वाचतात.

२०२४ च्या ऑक्टोबरांत कुलकर्णी यांच्या आठवणींच्या आधारें ‘मानवत मर्डर्स’ ही मालिका आली. आशुतोष गोवारीकरांनीं त्यांत कुलकर्णींची भूमिका केली. दिग्दर्शन आशिष बेंडे यांचें. मालिका पाहून झाल्यावर घराघरांत तर्क सुरू होणें साहजिकच आहे : खरा सूत्रधार कोण, कोण सुटलें, कोणीं काय लपविलें. फ्रेडीच्या कोड्यावर पोसलेली तरुण पिढी यांत पटाईत आहे. पण फ्रेडीच्या उपाहारगृहांतील पांच मुलांना घर नव्हतें. मानवतच्या मुलींना होतें. त्यांच्याबरोबर खेळलेलीं भावंडें आज साठीच्या आसपास असावयाचीं, आणि त्यांच्या गांवचा बाजार आजहि भरतो. कोणा एका कुटुंबाचें नांव घेऊन गप्पांत लावलेला कपोलकल्पित शेवट त्यांच्या दारापर्यंत जाऊन पोंचतो.

म्हणून पालकांनीं मुलांचे तर्क बंद पाडावे, असें नाहीं. तर्काची हौस ही फार मोलाची वस्तु आहे, आणि ती या वयांत लागते तशी पुढें लागत नाहीं. पेटींत काय आहे हें मूल सांगूं लागलें म्हणजे त्याला एवढेंच विचारावें कीं, खेळांत काय सांपडलें तर तूं हा तर्क सोडून देशील? बहुतेक वेळां मूल गडबडतें. कांहीं मुलें स्वप्नाच्या आश्रयाला जातात. पण एखादें मूल जर उठून शंभर डॉलर पन्नास सेंटांचा चेक दाखवूं लागलें आणि ताटाशेजारींच भागाकार मांडूं लागलें, तर आमटी निवली तरी चालेल, तें पुरतें ऐकून घ्यावें.